स्काला: ग्रीक स्वररचना कानांनी पडताळायची असेल तर

प्राचीन ग्रीक संगीतशास्त्रावर वाचायला पुष्कळ मिळतं. पण दोन स्वरांच्या कंपनसंख्यांचं २८/२७ हे गुणोत्तर कितीही वेळा वाचलं तरी कानात काही वाजत नाही. कीबोर्डवर ते शोधायला जावं, तर शेजारच्या दोन पट्ट्यांमधलं अंतर आधीच १०० सेंटवर बांधलेलं (सप्तकाचा बाराशेवा भाग म्हणजे एक सेंट). ग्रीक सिद्धांतकार आर्किटासचं हे अंतर ६३ सेंटचं आहे. मान्युएल ऑप द कौल यांचं ‘स्काला’ हे मोफत सॉफ्टवेअर नेमकं इथे कामाला येतं. गुणोत्तरं लिहा, फाइल उघडा, ऐका. ग्रीक सिद्धांताच्या अभ्यासकासाठी इतकं नेमकं दुसरं साधन सांगता येणार नाही. फक्त स्वरांची नावं आणि इतिहास या बाबतीत त्याच्यावर डोळे मिटून विसंबू नये. ते का, हे पुढे येईलच.

ग्रीक रचनेचा पाया म्हणजे टेट्राकॉर्ड, चार स्वरांचा गट. टोकाच्या दोन स्वरांमधलं अंतर कायम ४/३, म्हणजे ४९८ सेंट. मधले दोन स्वर हलते, आणि ते कुठे बसतात त्यावरून डायटॉनिक, क्रोमॅटिक आणि एन्हार्मोनिक असे तीन प्रकार होतात. इसवी सनापूर्वी चौथ्या शतकातल्या आर्किटासची एन्हार्मोनिक विभागणी खालून वर अशी: २८/२७, ३६/३५, ५/४. सेंटमध्ये साधारण ६३, ४९ आणि ३८६. दोन अगदी चिमुकल्या पायऱ्या आणि त्यावर एक लांब उडी. असे दोन टेट्राकॉर्ड घेऊन मध्ये ९/८चा एक पूर्ण स्वर ठेवला की डोरियन नावाचा ग्रीक सप्तकप्रकार पूर्ण होतो.

स्कालाची फाइल ही साधी मजकुराची फाइल असते. या सप्तकासाठी ती अशी लिहायची:

आर्किटास, एन्हार्मोनिक, डोरियन
७
२८/२७
१६/१५
४/३
३/२
१४/९
८/५
२/१

इथे वाचकाच्या सोयीसाठी देवनागरी लिपी वापरली आहे. प्रत्यक्ष फाइलमध्ये आकडे इंग्रजी आणि वर्णन रोमन लिपीतच हवं, कारण या फाइलींसाठी ठरवलेल्या अक्षरसंचात देवनागरी नाही. पहिली ओळ वर्णनाची. ती रिकामी चालते, पण गाळून चालत नाही; गाळली तर स्वरसंख्येची ओळच वर्णन समजली जाते. मूळ स्वर १/१ लिहायचा नाही, तो गृहीत धरलेला असतो. म्हणून आठ स्वरांच्या सप्तकासाठी आकडा सात.

सर्वाधिक चुका दशांशचिन्हावरून होतात. ओळीत टिंब असेल तर स्काला तो आकडा सेंट समजतं, नसेल तर गुणोत्तर. शुद्ध पंचमासाठी ७०२.० ऐवजी नुसतं ७०२ लिहिलं, तर मूळ स्वराच्या ७०२ पट कंपनसंख्या मागितली जाते आणि सगळी फाइल बिघडल्यासारखी वाटते. दुसरी चूक दिशेची. ग्रीक लेखक टेट्राकॉर्ड बऱ्याचदा वरून खाली मांडतात, स्कालाची फाइल खालून वर चालते. क्रम उलटवायचा राहिला तर लांब उडी तळाशी जाते आणि रचना पूर्णच वेगळी होते. त्यात ‘हिपाटे’ म्हणजे शब्दशः सर्वांत वरची, ही तार नादाने सर्वांत खालची असते आणि ‘नेटे’ म्हणजे तळाची, ती नादाने सर्वांत वर. भाषांतरातले ‘वर’ आणि ‘खाली’ हे शब्द प्रत्येक वेळी तपासूनच घ्यावेत.

आता पट्ट्यांची मांडणी. नुसती फाइल उघडली तर सात स्वर सलग सात पट्ट्यांवर बसतात, काळ्या-पांढऱ्या सगळ्या धरून. बोटं गोंधळतात. त्यासाठी मांडणीची वेगळी फाइल करावी लागते, आणि ही अर्ध्या तासाची मेहनत टाळू नये. तिच्यात क्रमाने आकडे असे: १२, ०, १२७, ६४, ६९, ४४०.०, ७. म्हणजे बारा पट्ट्यांचा नमुना, सगळ्या मिडी पट्ट्या (मिडी या संगणकी संगीतप्रणालीत प्रत्येक पट्टीला क्रमांक असतो), नमुन्याची सुरुवात ६४ क्रमांकाच्या ई-पासून, संदर्भपट्टी ६९ म्हणजे ए, तिची कंपनसंख्या ४४०, आणि सप्तक सातव्या पायरीवर पूर्ण. त्यानंतर ई-पासून बारा ओळी: ई-ला ०, एफ-ला १, जी-ला २, ए-ला ३, बी-ला ४, सी-ला ५, डी-ला ६, काळ्या पट्ट्यांच्या जागी इंग्रजी एक्स अक्षर.

संदर्भपट्टी ए ठेवण्यामागे कारण आहे. आधुनिक लेखनाच्या प्रघाताप्रमाणे ए म्हणजे ‘मेसे’, मधली तार. ॲरिस्टॉटलच्या नावावर चालत आलेल्या प्रश्नसंग्रहात म्हटलं आहे की मेसे बिघडली तर बाकीच्या ताराही बेसूर वाटतात. तेव्हा जुळवणी तिच्यापासूनच करावी.

मांडणी बरोबर झाली का, हे कंपनसंख्येवरून लगेच कळतं. ई ३३०, एफ ३४२.२२, जी ३५२, ए ४४०, बी ४९५, सी ५१३.३३, डी ५२८, वरचा ई ६६०. जी दाबल्यावर जवळपास नेहमीचा एफ ऐकू येतो. घाबरायचं कारण नाही, एन्हार्मोनिकमध्ये तो तिथेच असायला हवा. आता ई, एफ, जी हे तीन स्वर सावकाश चढत जा आणि मग ए-वर उडी घ्या. खालच्या तीन स्वरांच्या या दाट झुबक्याला ग्रीक ‘पिक्नॉन’ म्हणत. दुसरी पायरी पहिलीपेक्षा १४ सेंटने लहान आहे, आणि दहा-बारा वेळा ऐकल्यावर हा फरक कानाला खरोखर कळू लागतो. या एका अनुभवासाठीसुद्धा स्काला उतरवून घ्यावं.

आवाज निवडताना मात्र काळजी घ्या. तारेचा छेडलेला आवाज लवकर विरतो आणि ४९ सेंटची पायरी निसटून जाते. ऑर्गनसारखा किंवा पत्तीच्या वाद्यासारखा टिकणारा आवाज घ्यावा. आउलोस हे ग्रीकांचं फुंकवाद्यही दुहेरी पत्तीचंच होतं. कंप, कोरस, रिव्हर्ब पूर्ण बंद. थोडासा कंपसुद्धा एवढं लहान अंतर गिळून टाकतो.

सप्तकाचे इतर प्रकार ऐकायला नवी फाइल लागत नाही. ‘की’ ही आज्ञा आणि पायरीचा आकडा दिला की सप्तक त्या पायरीपासून सुरू होतं. डोरियनवर सहा दिलं की फ्रिजियन, पाच दिलं की लिडियन, चार दिलं की मिक्सोलिडियन. सेकिलोसच्या समाधिशिळेवरचं गीत फ्रिजियन प्रकारातलं आहे. शिळा आजच्या तुर्कस्तानातल्या ट्रालेस इथे सापडली, आता कोपनहेगनच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. आर्किटासचं डायटॉनिक (२८/२७, ८/७, ९/८) घेऊन फ्रिजियन केलं तर तळापासून तिसरा स्वर ७/६ आणि सातवा ७/४ येतो, आणि गीताच्या सुरुवातीची उडी अगदी शुद्ध ३/२. आधुनिक समान विभागणीत हेच गीत वाजवून लगेच हे ऐकावं. नंतर ग्रीक सिद्धांतकार टॉलेमीचं समसमान डायटॉनिक, १२/११, ११/१०, १०/९. त्याने स्वतः त्याला काहीसं परकं आणि गावरान म्हटलं, तरी कानाला ते फार सुंदर लागतं.

आता नावांचा घोळ. स्कालासोबत पाच हजारांहून अधिक स्वररचनांचा संग्रह मिळतो. त्यात आर्किटास, डिडिमस, एराटोस्थेनिस, टॉलेमी सगळे आहेत. पण ‘डोरियन’ या शब्दाने शोधलं की तीन वेगळ्या गोष्टी हाती लागतात. एक, ग्रीक डोरियन, ई ते ई. दुसरी, मध्ययुगीन चर्चसंगीतातली डोरियन, डी ते डी. ती ग्रीकांच्या हिशेबाने फ्रिजियन ठरते. तिसरी, कॅथलीन श्लेसिंजर यांच्या ‘हार्मोनिया’. आउलोसची भोकं समान अंतरावर धरून केलेली ही विसाव्या शतकातली मांडणी आहे, १९३९ साली प्रसिद्ध झालेली, आणि ग्रीक संगीताचे अभ्यासक ती पुरावा म्हणून सहसा स्वीकारत नाहीत. ऐकायला ती रंजक आहे, पण प्राचीन म्हणून वापरू नये. फाइलच्या नावावर न जाता वर्णनाची ओळ वाचा आणि गुणोत्तरं ताडून पाहा. ॲरिस्टॉक्सेनस या आणखी एका ग्रीक सिद्धांतकाराच्या फाइलींमध्ये चौथा स्वर ५०० सेंटचा दिसेल. ती चूक नाही: तो गुणोत्तरं नाकारून अंतरं कानाने मोजणारा, त्यामुळे त्याचे स्वर समान भागांत मांडले जातात.

दिसायला स्काला जुनाट आहे, बरंचसं काम आज्ञा टाइप करून चालतं. जीटीके हा खिडक्या-बटणं दाखवणारा सॉफ्टवेअर घटक लागतो, आणि मॅकवर तो बसवणं किचकट आहे. ज्यांना फक्त ऐकायचं आहे त्यांनी या फाइली वाचणारा एखादा सॉफ्टवेअर सिंथेसायझर घ्यावा, तिथे स्कालाच्या खिडक्यांशी झगडावं लागत नाही.

एक मर्यादा रचनेतच आहे. ग्रीकांची मोठी पूर्ण व्यवस्था दोन सप्तकांची, पंधरा स्वरांची. ती एका सप्तकाच्या फाइलमध्ये कोंबू नका. चौदा ओळी लिहून शेवटची ४/१ ठेवा, म्हणजे मेसे बरोबर २/१ वर येते. सिनेमेनॉन हा जोडलेला टेट्राकॉर्ड मेसेपासूनच वर चढतो, मधला ९/८ वगळून, त्यामुळे तो या फाइलमध्ये बसत नाही. त्याच्यासाठी अकरा स्वरांची वेगळी फाइल करा, दहा ओळींची, शेवट ८/३ वर. दोन्ही फाइलींत मेसे ४४० वर बांधली की एकीतून दुसरीत जाता येतं आणि मधला आधार हलत नाही.