‘माय फादर्स ड्रॅगन’ ही मालिका सात महिने वाचून दाखवल्यानंतर

रूथ स्टाइल्स गॅनेट यांची ‘माय फादर्स ड्रॅगन’ ही तीन छोट्या पुस्तकांची मालिका मी गेले सात महिने माझ्या सहा वर्षांच्या मुलीला रात्री झोपताना वाचून दाखवते आहे. पहिले पुस्तक १९४८ साली, दुसरे १९५० साली आणि तिसरे १९५१ साली निघाले. पुस्तके इंग्रजीत आहेत; मी पानावर नजर ठेवून मराठीत सांगत जाते. आतापर्यंत तिन्ही पुस्तकांची तीन पारायणे झाली, त्यामुळे पहिल्या वाचनात जे केवळ गमतीचे वाटले होते त्यातले काय टिकले आणि काय टिकले नाही, हे आता खात्रीने सांगता येते.

आधी एक गोष्ट स्पष्ट केलेली बरी. कपाटात ड्रॅगनचे पिल्लू लपवले आहे, ते पडदे जाळते आहे आणि घरच्यांना पत्ता नाही, अशा प्रकारच्या गोष्टीच्या अपेक्षेने कोणी ही मालिका घेतली, तर त्याची निराशा होईल. इथे पिल्लाचे संगोपन असे फारसे नाही. एल्मर नावाचा मुलगा ते पिल्लू सोडवतो, त्याच्याबरोबर प्रवास करतो आणि पुढे त्याचे अस्तित्व जगापासून जपतो. मात्र प्राणी गुपचूप सांभाळणे म्हणजे काय, हे या पुस्तकांइतके नेमके मला इतरत्र क्वचितच सापडले, आणि त्याची सुरुवात ड्रॅगनपासून होत नाही. ती एका मांजरीपासून होते. पहिल्याच प्रकरणात एल्मर रस्त्यावर भिजलेली म्हातारी मांजर घरी आणतो, आई नको म्हणते, म्हणून तो तिला तळघरात ठेवून तीन आठवडे चोरून दूध पाजतो. एका दूरच्या बेटावर बांधून ठेवलेल्या ड्रॅगनच्या पिल्लाची बातमी त्याला मिळते ती याच मांजरीकडून. ज्याने आधी एका कुणालाही नको असलेल्या जिवाला आसरा दिला त्यालाच दुसऱ्या जिवाचा ठावठिकाणा कळतो, ही जुळणी लेखिकेने कुठेही समजावून सांगितलेली नाही. माझ्या मुलीच्या ती दुसऱ्या पारायणात आपसूक लक्षात आली.

याच प्रकरणात पालकांनी आधीच वाचून ठेवावा असा एक प्रसंग आहे. दुधाची बशी सापडल्यावर आई एल्मरला मारते आणि मांजरीला घराबाहेर काढते; त्यानंतर एल्मर कोणालाही न सांगता घर सोडून निघतो. मूळ वाक्य छोटे आहे आणि गोष्ट तिथे रेंगाळत नाही, पण मुले रेंगाळतात. पहिल्या रात्री मी ते वाक्य गाळले. दुसऱ्या वेळी गाळले नाही, कारण ते गाळले की एल्मर इतका रागावून का निघाला, हे मुलीला कळत नव्हते. त्या रात्री आमचे पुढचे प्रकरण राहूनच गेले. मारणे बरोबर होते का, यावरच बोलणे झाले. माझ्या मते तो वेळ सत्कारणी लागला, तरी लहान मुलांच्या बाबतीत प्रत्येकाने आपापला निर्णय घ्यावा.

पहिल्या पुस्तकाची खरी श्रीमंती एल्मरच्या पिशवीत आहे. च्युइंगगम, दोन डझन गुलाबी लॉलीपॉप, रबरबँड, टूथब्रश आणि टूथपेस्ट, सहा भिंगे, धारदार चाकू, कंगवा, सात रंगीत रिबिनी अशी ती यादी आहे, आणि ती वाचताना यातले अर्धे सामान ड्रॅगनला सोडवायला कशाला हवे, असा प्रश्न पडतो. मग एकेक वस्तू आपल्या जागी येते. अंगावर धावून आलेल्या वाघांना च्युइंगगम मिळते आणि ते चघळून हिरवे झाले की पेरता येते, असे एल्मर सांगतो. लगेच सगळे वाघ एकमेकांचे च्युइंगगम हिरवे झाले का ते तपासण्यात गुंग होतात. शिंग मळले म्हणून दुःखी असलेल्या गेंड्याला टूथब्रश मिळतो. नदी ओलांडताना तर एल्मर एका मगरीच्या शेपटीला रबरबँडने लॉलीपॉप बांधतो, ते चाटायला दुसरी मगर मागे येते, मग तिच्या शेपटीला तिसरीसाठी, अशा रीतीने तो स्वतःच्या पायाखाली मगरींचा पूल तयार करत पुढे जातो. इथे कोणाशीही मारामारी नाही. समोरच्याला काय खुपते आहे किंवा काय हवे आहे ते ओळखून त्याला तेच देणे, एवढ्यावर सगळा प्रवास पार पडतो. चाकूचा उपयोग होतो तो दोर कापायला. बेटावरच्या आळशी प्राण्यांनी नदीपार जाण्यासाठी पिल्लाला त्या दोराने काठाशी बांधलेले असते आणि त्याने ऐकले नाही की ते त्याचे पंख पिरगाळतात.

मराठीत सांगताना दोन अडचणी आल्या, आणि दोन्हींनी वाचनाची गोडी वाढवली. पहिल्या पुस्तकात निवेदक एल्मरला सतत ‘माझे वडील’ म्हणतो. इंग्रजीत त्याने फारसे काही बदलत नाही, पण मराठीत ‘माझे वडील झाडावर चढले, माझ्या वडिलांनी वाघांना सांगितले’ असे आदरार्थी बोलावे लागते, आणि खिशात लॉलीपॉप घेऊन फिरणाऱ्या मुलाला तो मान मिळालेला ऐकून माझी मुलगी प्रत्येक वेळी खुदकन हसते. पुढच्या दोन पुस्तकांत तो नुसता एल्मर होतो. तेव्हा ‘आई, आता वडील का म्हणत नाहीस?’ अशी तक्रारही झाली. दुसरी अडचण बेटावरच्या उंदराची. तो घाबरला की शब्दांची अक्षरे उलटसुलट करतो. तिथे भाषांतर चालतच नाही. मी ‘गोल दगड’चे ‘दोल गगड’ केले आणि तेवढ्यावर काम भागले. आता घरात कोणाचीही जीभ अडखळली की त्याला उंदीर म्हणतात.

दुसरे पुस्तक, ‘एल्मर अँड द ड्रॅगन’, पहिल्या वाचनात मला सैल वाटले होते. वादळात सापडून दोघे एका बेटावर पोचतात, जिथे पिंजऱ्यांतून पळालेल्या कॅनरी पक्ष्यांचे राज्य आहे. राजाजवळ पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेले एक गुपित आहे. त्या गुपितात नेमके काय दडले आहे या कुतूहलाने राजा झुरतो आहे, आणि राजा कशाने झुरतो आहे या कुतूहलाने प्रजा आजारी पडली आहे. तिसऱ्या पारायणापर्यंत मला हे निव्वळ विनोदी वाटत होते. पण तिसऱ्या पुस्तकाच्या शेजारी ठेवले की त्याचा अर्थ उजळतो. ‘द ड्रॅगन्स ऑफ ब्लूलँड’मध्ये पिल्लू आपल्या घरी परतते तेव्हा त्याचे कुटुंब गुहेत कोंडलेले असते आणि त्यांना पकडायला टपलेली माणसे तोंडाशी बसलेली असतात. ते मदतीसाठी एल्मरकडेच येते. पुरलेले, कोणाच्याच उपयोगी न पडणारे गुपित माणसाला आजारी पाडते, तर दुसऱ्याच्या जिवासाठी पाळलेले गुपित आसरा ठरते. हा फरक दोन पुस्तकांमध्ये मिळून मांडला गेला आहे. मुलांना गुपिते फार आवडतात आणि कोणते गुपित ठेवावे, कोणते सांगून टाकावे, हे त्यांना कळत नाही, म्हणून मला हा भाग मोलाचा वाटतो. पिल्लाचे नाव बोरिस आहे हेसुद्धा या तिसऱ्या पुस्तकातच कळते, आणि ते कळल्याच्या रात्री मुलीने ते नाव माझ्या कानात सांगून पाहिले.

चित्रांबद्दल थोडे. ती लेखिकेच्या सावत्र आईने, रूथ क्रिसमन गॅनेट यांनी काढलेली आहेत आणि आतली सगळी कृष्णधवल आहेत. मजकुरात मात्र पिल्लाच्या अंगावर निळे-पिवळे पट्टे आहेत आणि पंख सोनेरी आहेत, त्यामुळे प्रत्येक पानावर रंग डोळ्यांसमोर आणण्याचे काम मुलांकडे येते. बेटांचे नकाशे सर्वांत जास्त हाताळले गेले. रोज प्रकरण संपले की एल्मर कुठवर पोचला ते बोटाने दाखवल्याशिवाय दिवा बंद करता येत नाही. आमच्या प्रतीत तो नकाशा घडीवर झिजून पांढरा पडला आहे. बांधणी सुमार आहे, पहिल्या पुस्तकाची पाने चौथ्या महिन्यात सुटली आणि मला ती चिकटवावी लागली.

उणीव सांगायची तर मुलींना या गोष्टीत जवळपास जागा नाही. माझ्या मुलीने तिसऱ्या पारायणात मांजरीलाच प्रवासाला बरोबर घेतले आणि तिच्या तोंडी संवाद घालायला लावले. मी ते घातले. कार्टून सलून या अ‍ॅनिमेशन स्टुडिओने २०२२ साली काढलेला चित्रपटही आम्ही पाहिला, पण त्यात कथा बरीच बदललेली आहे, म्हणून पुस्तके आधी वाचावीत.

पहिल्या पुस्तकात दहा प्रकरणे आहेत आणि एक प्रकरण सांगायला मला पंधरा मिनिटे लागतात. पहिले पुस्तक पाचव्या वर्षीही चालेल. दुसऱ्यासाठी मात्र थोडी वाट पाहावी, आणि ते संपल्यावर तिसरे त्याच आठवड्यात सुरू करावे. आम्ही पहिल्या वेळी मध्ये महिना जाऊ दिला होता आणि राजाचे गुपित काय होते, ते मलाच पुन्हा सांगावे लागले.