'सिगप्पु रोजाक्कळ' (१९७८): बागेतले लाल गुलाब आणि आमच्या चाळीतला पहारा

गेल्या रविवारी माटुंग्याला मैत्रिणीकडे बसून दिग्दर्शक भारतीराजांचा 'सिगप्पु रोजाक्कळ' हा तमिळ चित्रपट पाहिला. आम्ही दोघी बँकेत बरीच वर्षं शेजारशेजारच्या काउंटरवर होतो. ती तमिळ आहे, पण जन्म माटुंग्याचा आणि मराठी माझ्याइतकंच स्वच्छ. तरुणपणी तिने हा चित्रपट अरोरा टॉकीजला भावाबरोबर पाहिला होता. त्यानंतर कितीतरी दिवस रात्री मोरीत जायचं तरी ती बहिणीला उठवायची. जेवणाच्या सुट्टीत हे तिच्याकडून इतक्यांदा ऐकलं होतं की पाहायचा राहिला याची मलाच चुटपुट लागली होती. पडद्यावरच्या इंग्रजी ओळी अर्धवट होत्या, म्हणून ती शेजारी बसून मला मराठीत सांगत गेली.

मला हा चित्रपट पाहायचाच होता त्याला आणखी एक कारण आहे. त्याची कल्पना मुंबईत अनेक खून करणाऱ्या रामन राघववरून सुचली असं सांगतात, आणि रामन राघव माझ्यासाठी पुस्तकातलं नाव नाही. १९६८ च्या पावसाळ्यात मी अकरा वर्षांची होते. आम्ही मालाडला चाळीत राहायचो. उकाड्यात अर्धी चाळ गॅलरीत अंथरूण टाकायची, ते त्या वर्षी बंद झालं. खोलीत आम्ही नऊ माणसं, दाराला आतून कडी आणि कडीला वरून सुतळी. पुरुषांनी पाळ्या लावून पहारा सुरू केला. आजोबा उशाशी काठी घेऊन झोपायचे. तो माणूस झोपड्यांत आणि रस्त्याच्या कडेला झोपलेल्यांना रात्री डोक्यात घाव घालून मारत होता. पूर्व उपनगरांत १९६५-६६ मध्ये असेच हल्ले झाले होते. पोलीस अधिकारी रमाकांत कुलकर्णींनी तपास हाती घेतला आणि ऑगस्टच्या शेवटी फियाल्हो नावाच्या फौजदाराने त्याला ओळखून पकडलं. त्याने ४१ खून कबूल केले. ज्या दिवशी तो सापडल्याचं पेपरात आलं त्या रात्री आजोबांनी काठी परत माळ्यावर टाकली. ते मला अजून दिसतं.

चित्रपटात यातलं काहीही नाही. झोपडी नाही, फुटपाथ नाही, रेल्वेची लाइन नाही. इथला खुनी दिलीप हा देखणा, श्रीमंत कारखानदार आहे. कमल हासनने ही भूमिका केली तेव्हा तो चोवीस वर्षांचाही नव्हता. नोकरीसाठी आलेल्या, ओळखीत जवळ आलेल्या बायकांना तो बंगल्यावर नेतो, मारतो आणि बागेत पुरतो. त्यांच्यावर गुलाबाची झाडं लावतो. या खुनांचं चित्रीकरण होतं, आणि वरच्या मजल्यावर त्याला वाढवणारा म्हातारा ते पाहत बसतो. नावातले लाल गुलाब ते हेच. अशा माणसाच्या आयुष्यात कापडाच्या दुकानात काम करणारी शारदा येते. ती लग्नाशिवाय पुढे जायला तयार नाही, म्हणून तो लग्न करतो. आता ती त्या बंगल्यात आहे आणि आपल्याला बागेत काय आहे ते ठाऊक आहे. पुढचं सांगत नाही.

भारतीराजांचे याआधीचे दोन्ही चित्रपट गावाकडचे. '१६ वयतिनिले'ने तमिळ सिनेमा स्टुडिओतून उचलून खऱ्या शेतात आणि खऱ्या ओसरीवर नेला. त्याच दिग्दर्शकाने वर्षभरानंतरच असा शहरी, काचेच्या दारांचा आणि गालिच्यांचा चित्रपट करावा हे धाडस आहे. कॅमेऱ्याला पी. एस. निवास होते. घरात शिरणारा कॅमेरा काळ्या मांजरापाशी थांबतो, जिन्यावर थांबतो, कुलूप लावलेल्या दारापाशी थांबतो. रक्त फारसं दिसत नाही, आणि त्यामुळेच भीती जास्त वाटते.

सगळ्यात जास्त लिहावं ते संगीतकार इळैयराजांबद्दल. चित्रपटात गाणी दोनच. 'निनैवो ओरु परवै' हे कमल हासनने स्वतः एस. जानकींबरोबर गायलंय. इतकं हळुवार गाणं, आणि ते खुन्याच्या तोंडी आहे. मैत्रीण पहिल्या ओळीपासून गुणगुणायला लागली आणि मला अंगावर शहारा आला. ही सुरावट खोटी नाही, तो त्या मुलीवर खरंच प्रेम करतोय, आणि ते ऐकताना बागेतल्या बायका डोळ्यांपुढून जात नाहीत. गाण्यांबाहेर तर संगीत आणखी धीट आहे. जिथे दुसऱ्या कुणी ढोल बडवले असते तिथे ते गप्प बसतात. बंगल्यात शारदा एकटी फिरते तेव्हा तिच्या पावलांच्या आवाजाखाली फक्त बारीकसा सूर राहतो. टीव्हीच्या बारक्या स्पीकरवर नका ऐकू, कानाला हेडफोन लावा.

आणि शारदा झालेली श्रीदेवी. चित्रपट आला तेव्हा ती पंधरा वर्षांची होती. हा आकडा मनात ठेवून पाहिलं की जीव गलबलतो, कारण तिला नवी नवरी म्हणून पाहताना मला शाळकरी मुलगीच दिसत होती. पण काम काय केलंय! शेवटच्या भागात ती किंचाळण्याआधी एकदा फक्त श्वास आत ओढते, तेवढ्यात सगळं कळतं. भाग्यराज हॉटेलच्या वेटरच्या छोट्या भूमिकेत आहेत. लेखनातही त्यांचा हात आहे.

आता जे मला मनापासून खटकलं ते. दिलीप असा का झाला हे सांगायला चित्रपट मागे जातो. अनाथ मुलगा, आसरा देणाऱ्या घरातली मुलगी त्याच्या अंगचटीला येते आणि वर त्याच्यावरच आळ घेते. पुढे दुसऱ्या घरी मालकाची बायको मालकाला फसवते, मालक तिला भोसकतो आणि हा पोरगा शेजारी उभा राहून मालकाला चेतवतो की मारा, या बायका अशाच. तमिळनाडूत ही ओळ फार गाजली, लोक ती हसत हसत म्हणतात. मैत्रीण इथपर्यंत प्रत्येक वाक्य मराठीत सांगत होती. हे वाक्य आलं आणि ती थांबली. मी विचारलं, "काय म्हणाला गं?" ती म्हणाली, "राहू दे. हे तेव्हाही मला नको वाटलं होतं. अख्खं थेटर टाळ्या वाजवत होतं."

माझंही तेच म्हणणं आहे. दिलीपचा वेडेपणा बाईच्या माथी मारला की बागेतल्या प्रत्येक बाईचा मृत्यू थोडा थोडा तिचाच दोष ठरतो. खऱ्या रामन राघवच्या बाबतीत असं सोयीचं कारण कुणाला सापडलं नाही. फाशीची शिक्षा झाल्यावर तीन मानसोपचारतज्ज्ञांनी त्याला तपासलं, गंभीर मानसिक आजार ठरला, आणि १९८७ मध्ये शिक्षा जन्मठेपेवर आली. १९९५ मध्ये तो पुण्याला ससूनमध्ये वारला. ज्यांना त्याने मारलं ती माणसं दाराला कडी नसलेल्या जागेत झोपली होती, इतकंच. त्या माणसांवरून सुचलेल्या गोष्टीत त्यांना एकाही चौकटीत जागा मिळू नये याचं मला वाईट वाटतं. ज्यांना त्या प्रकरणाबद्दलच पाहायचं आहे त्यांनी श्रीराम राघवन यांनी १९९१ मध्ये केलेला रघुवीर यादवचा माहितीवजा चित्रपट शोधावा.

पण म्हणून 'सिगप्पु रोजाक्कळ' टाळू नका. लख्ख उजेडातला बंगला, चांगले कपडे, मऊ बोलणं यांच्या आड असलेली भीती त्याआधी आपल्याकडे इतक्या नेमकेपणाने मी कुठे पाहिली नव्हती. भारतीराजांनीच १९८० मध्ये हिंदीत तो 'रेड रोझ' म्हणून केला, राजेश खन्ना आणि पूनम ढिल्लोंला घेऊन. तो मी तेव्हा पाहिला होता. राजेश खन्नाच्या चेहऱ्यावर आधीच्या प्रेमकथांचं इतकं ओझं आहे की तो भीती घालत नाही, दया येते. कमलच्या चेहऱ्यावर काहीच नाही, म्हणून त्याच्याकडे बघवत नाही. पाहायचा तर तमिळच पाहा, भाषा येत नसली तरी. घरात लहान मुलं असतील तर ती झोपल्यावर लावा.

चित्रपट संपल्यावर मैत्रिणीने कॉफी केली. तिच्या गॅलरीत एका कुंडीत लाल गुलाब आहे. आम्ही दोघींनी त्याच्याकडे पाहिलं आणि ती म्हणाली, "मी अरोराहून आले ना, त्या आठवड्यात अम्माने लावलेला गुलाब मी शेजारणीला देऊन टाकला होता. अम्मा महिनाभर बोलली नाही माझ्याशी."