कोर्टाच्या लिलावात घर घेतलं, ताबा मिळेना: नियम ९५, नियम ९६ की वेगळा दावा?

बोलीच्या दिवशी २५ टक्के भरले, उरलेली रक्कम १५ दिवसांत कोर्टात जमा केली, हरकतींची ६० दिवसांची मुदत संपली आणि विक्री कायम झाली, म्हणजे कोर्टाने ती पक्की केली. तरी घरात माणूस आहेच. पुढची वाट आत कोण आहे आणि कधीपासून आहे यावर ठरते. म्हणून आधी दोन तारखा काढा: कोर्टाने घर जप्त केल्याची आणि विक्री कायम झाल्याची.

आत ऋणको (ज्याच्याविरुद्धच्या हुकूमनाम्यापोटी घर विकलं गेलं तो), त्याचा माणूस किंवा जप्तीनंतर आलेला असेल

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१, नियम ९५ खाली त्याच दरखास्तीत (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचं कोर्टातलं प्रकरण) प्रत्यक्ष ताब्याचा अर्ज करायचा. जप्तीनंतर ऋणकोने कुणाला भाड्याने दिलं किंवा विकलं असेल, तर तोही याच नियमात येतो आणि कोर्टाचा बेलीफ त्याला बाहेर काढू शकतो.

घात होतो तो मुदतीत. मुदत कायद्याच्या अनुच्छेद १३४ प्रमाणे अर्जाला एकच वर्ष मिळतं, आणि ते विक्री कायम झाल्यापासून मोजतात. कोर्टाचा विक्री दाखला हातात पडल्यापासून नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये पट्टम खादर खान प्रकरणात हे स्पष्ट केलं आहे. नियम ९५ ला दाखला लागतो, दाखल्याला मुद्रांक शुल्क लागतं, त्यात महिने जातात आणि खरेदीदार वाट पाहत बसतो. उशीर माफ करून घ्यायला मुदत कायद्याचं कलम ५ आदेश २१ च्या अर्जांना लागूच नाही. दाखला रखडला असेल तरी अर्ज वर्षाच्या आत दाखल करा, दाखला मागाहून जोडा.

ताब्याचं वॉरंट निघण्याआधी लिलावाचा जाहीरनामा, दाखला आणि वॉरंट यांतला सर्व्हे नंबर, फ्लॅट नंबर आणि चतुःसीमा शब्दन् शब्द ताडून पाहा. एका ठिकाणी ३०१ आणि दुसऱ्या ठिकाणी ३०२ असेल तर बेलीफ दारातून परत जाईल. कुलूप तोडण्याचा आदेश आणि पोलीस बंदोबस्त अर्जातच मागून ठेवा.

आत जप्तीआधीचा भाडेकरू असेल

इथे नियम ९६. मिळतो तो सांकेतिक ताबा: दाखल्याची प्रत दर्शनी जागी चिकटवतात, दवंडी देतात, भाडेकरू जागेवरच राहतो. हे कमी वाटतं, पण त्याच्यापुरते तुम्ही आता मालक. दाखल्याची प्रत जोडून त्याला लगेच नोटीस द्या. तोवर त्याने जुन्या मालकाला प्रामाणिकपणे दिलेलं भाडं त्याच्याकडून पुन्हा मागता येत नाही. घर रिकामं हवं असेल तर महाराष्ट्रात भाडे नियंत्रण कायदा, १९९९ मधल्या कारणांवर स्वतंत्र दावा करावा लागतो, आणि त्याला वर्षं लागतात. बोलीची रक्कम ठरवताना हे धरलेलं बरं.

‘भाडेकरू’ खरा की उभा केलेला, हे कागदच सांगतात. नोंदणीकृत कराराची तारीख, वीजबिल, भाडेपावत्या जप्तीच्या तारखेशी लावून बघा. मागची तारीख घातलेला साधा कागद नेहमी पुढे येतो; मात्र करार नोंदलेला नाही एवढ्याने भाडेकरू खोटा ठरत नाही.

दारात अडवलं तर

नियम ९७ खाली अर्ज, अडवल्यापासून ३० दिवसांत. बेलीफाने अहवालात नुसतं ‘ताबा मिळाला नाही’ लिहिलं तर पुढे अडचण होते. कुणी अडवलं, कोणता हक्क सांगितला, कोणता कागद दाखवला, हे पंचनाम्यात आलंच पाहिजे. नियम १०१ प्रमाणे मालकी-हक्काचा वादही तिथेच निकाली निघतो. ऋणकोने किंवा त्याच्या चिथावणीने दुसऱ्या कुणी अकारण अडवलं असेल, आणि ताबा देण्याचा हुकूम झाल्यावरही अडवत राहिलं, तर दिवाणी तुरुंगात ३० दिवसांपर्यंत ठेवता येतं.

वेगळा दावा

बहुतेकांसाठी ही वाट बंद आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ४७ चं स्पष्टीकरण २ खरेदीदाराला मूळ दाव्यातला पक्षकारच मानतं आणि ताब्याचा प्रश्न दरखास्तीतच सोडवायला सांगतं. म्हणून ‘वर्ष गेलं, आता दावा करू’ हा सल्ला घेऊ नका.

अपवाद एक, आणि तो महत्त्वाचा: एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतला अविभक्त हिस्सा घेतला असेल तर थेट ताबा मागताच येत नाही. तिथे वाटपाचाच दावा करायचा.

तडजोड करायची असेल तर

मुलांच्या परीक्षेपर्यंत मुदत मागितली तर माणुसकी म्हणून जरूर द्या, पण आधी नियम ९५ चा अर्ज दाखल करा, मग घर सोडण्याची तारीख घातलेली पुरसीस (कोर्टात द्यायचं लेखी निवेदन) दोघांच्या सहीने दरखास्तीत द्या. तोंडी दिलेली मुदत तुमच्याच वर्षातून कापली जाते. आणि कंटाळून स्वतः कुलूप बदलू नका: बाहेर काढलेला माणूस ऋणको नसेल, तर तो नियम ९९ खाली ३० दिवसांत त्याच कोर्टात ताबा परत मागू शकतो, आणि मग दाराबाहेर उभे तुम्ही असाल.