पावसाळ्यापासून शिगम्यापर्यंत: मराठी दैनिकातल्या शब्दकोड्याचा अनुभव

आमच्याकडे गोव्यात फोंड्याला येणाऱ्या मराठी दैनिकातलं रोजचं शब्दकोडं मी मिरगापासून नेमानं सोडवते आहे. आता शिगमोही, म्हणजे आमचा शिमगा, सरला. एवढे महिने सोडवल्यावर मत लिहायला हरकत नाही. दैनिकाचं नाव घेत नाही, कारण ज्या तक्रारी आहेत त्या दुसऱ्या दैनिकांची कोडी सोडवणाऱ्यांनाही ओळखीच्या वाटतील. निकाल आधीच सांगते: रविवारचं कोडं चुकवू नका. रोजचं सोडवण्यासारखं आहे, पण रचणाऱ्यानं थोडं मनावर घेतलं तर ते कितीतरी चांगलं होईल.

कोडं चांगलं की वाईट, हे मी एकाच गोष्टीवरून ठरवते. आडवा आणि उभा शब्द जिथे एकमेकांना छेदतात, ते घर. अर्थ सगळेच देतात, समानार्थी शब्दांचा कोश उघडला की कुणालाही देता येतो. कोडं त्या छेदावर उभं राहतं. एका शब्दाबद्दल शंका असली की दुसऱ्यानं ती मिटवायची, एवढं साधं काम त्या घराचं असतं. ते झालं नाही तर कागदावर चौकटीच तेवढ्या उरतात.

उदाहरण देते. पावसाळ्यातल्या एका कोड्यात उभ्या शब्दाचं शोधसूत्र होतं, ‘गोव्यातील एक नदी’, घरं तीन. आता मांडवी तीन अक्षरी, जुवारी तीन अक्षरी, शापोराही तीन अक्षरी. फोंडा तालुक्यात राहणाऱ्याला तर उत्तरेला मांडवी आणि दक्षिणेला जुवारी, दोन्ही हाताशी. हरकत नाही, छेद बघू म्हटलं. छेद एकच, तोही शेवटच्या घरात. तिथला आडवा शब्द होता ‘स्त्री’, घरं दोन. ‘नारी’ लिहा, नदी जुवारी होते. ‘देवी’ लिहा, मांडवी होते. दोन्ही जोड्या चोख बसतात आणि आडव्या शब्दाच्या पहिल्या घराला दुसरा छेदच नाही. दुसऱ्या दिवशी उत्तर आलं जुवारी आणि नारी. ज्यानं मांडवी आणि देवी लिहिलं, त्याचं काय चुकलं? काहीच नाही. ‘आगशी आणि कुठ्ठाळीमधल्या पुलाखालची नदी’ एवढं लिहिलं असतं तरी पुरे होतं. शिवोलीचा पूल म्हटलं की शापोरा, पणजीचा काठ म्हटला की मांडवी. गोव्यात एकेका नदीला एकेक नेमकी खूण आहे. ती द्यायला फार विद्वत्ता लागत नाही, ज्या लोकांसाठी कोडं रचतो त्यांचा प्रदेश माहीत असावा लागतो.

दोन उत्तरं बसणारं कोडं सोडवणाऱ्यावर अन्याय करतं, असं मी ठामपणे म्हणते. आपल्या देशात या प्रश्नाला कोर्टापर्यंतचा इतिहास आहे. स्वातंत्र्यानंतरच्या काळात मोठ्या बक्षिसांच्या शब्दकोड्यांचं पेव फुटलं होतं. प्रवेश फी भरायची, कूपन धाडायचं, आणि आधीच सीलबंद ठेवलेल्या उत्तराशी आपलं उत्तर तंतोतंत जुळलं तर बक्षीस. एकाच जागी दोन शब्द सारखेच शोभत असले, तर कुठला निवडायचा हे ज्ञानावर ठरत नव्हतं, नशिबावर ठरत होतं. 1955 मध्ये बक्षीस स्पर्धांचा कायदा आला आणि महिन्याला एक हजार रुपयांपेक्षा जास्त बक्षिसं देणाऱ्या अशा स्पर्धांवर बंदी आली. 1957 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं जुगाराच्या जातीच्या स्पर्धांना व्यापाराच्या स्वातंत्र्याचं संरक्षण नाही असं सांगितलं. आमच्या दैनिकात बक्षीस नाही, तेव्हा कायद्याचा प्रश्न येत नाही. पण कौशल्य कुठे संपतं आणि अंदाज कुठे सुरू होतो, ही रेघ बक्षीस नसलं तरी तीच राहते.

मराठीत कोडं रचणं अवघड आहे, हे मला मान्य आहे. 21 डिसेंबर 1913 रोजी आर्थर विन यांचं पहिलं कोडं न्यूयॉर्कच्या वर्तमानपत्रात आलं, ते सव्वीस अक्षरांच्या भाषेत. आपल्याकडे एका घरात काना-मात्रा-वेलांटीसकट अख्खं अक्षर बसतं. चौतीस व्यंजनांना बाराखडीनं गुणलं तरी चारशेच्या वर जातं, जोडाक्षरं वेगळीच. एवढ्या पसाऱ्यातून दोन शब्दांना नेमकं तेच अक्षर सामाईक मिळायला हवं. म्हणून अमेरिकन कोड्यासारखं प्रत्येक घर आडवं-उभं दोन्हीकडून तपासलं जाईल, अशी अपेक्षा मी मराठीत धरत नाही. काळी घरं जास्त पडणारच. उलट मराठीत एक छेद फार काम करतो. ‘अग्नी’ म्हणजे अनल, ‘वारा’ म्हणजे अनिल, आणि मधल्या घरात न की नि एवढ्यावर सगळं ठरतं. तीन अक्षरांच्या शब्दात एक अक्षर मिळालं की तिसरा हिस्सा हातात आला. म्हणून माझी मागणी माफक आहे: प्रत्येक शब्दाला निदान एक खात्रीचा छेद द्या. जिथे अर्थ ढोबळ आहे, तिथे दोन द्या.

आता ऱ्हस्व-दीर्घ. यावर मी सगळ्यात जास्त भांडेन.

एका कोड्यात पहिल्याच घरातून आडवा शब्द होता ‘फेर धरून स्त्रिया खेळतात तो खेळ’, म्हणजे फुगडी. त्याच घरातून खाली ‘सुमन’, दोन घरं, म्हणजे फूल. एका घरात फु लिहायचा की फू? मराठी साहित्य महामंडळाचे लेखननियम 1962 पासून आहेत, 1972 मध्ये त्यांत आणखी चारांची भर पडली. अकारान्त शब्दात शेवटून दुसऱ्या अक्षराचा इकार-उकार दीर्घ, हा त्यातला शाळेत घोकलेला नियम. फूल दीर्घच. फुगडी ऱ्हस्वच. उत्तरात घर छापलं होतं ‘फु’ आणि खाली ‘ल’. म्हणजे दैनिकानं आपल्याच बातम्यांत जो शब्द चुकीचा ठरवला असता, तो कोड्यात बरोबर.

शेजारी निवृत्त मास्तर राहतात. मराठी शाळेत त्यांचा जन्म गेला. त्यांना अंक दाखवला. त्यांनी चष्मा वर केला, घर बघितलं आणि म्हणाले, “बाय, ‘फूल’ नको, ‘फुले’ मागायला हवं होतं त्यानं. अनेकवचनात फु ऱ्हस्वच होतो. घरं दोनच्या दोन, फुगडीलाही धक्का नाही.”

“मास्तर, मग अर्थात ‘सुमने’ लिहायचं एवढंच ना?”

“एवढंच. पण रचून झाल्यावर परत एकदा वाचायला बसावं लागतं ना, बाय!”

ल च्या घराला दुसरा छेद नव्हता, त्यामुळे ले सहज बसला असता. एका मात्रेचं काम होतं.

बुद्धिबळ आणि सिद्धी यांची गाठ घातली की तेच होतं. समासात द्धि ऱ्हस्व, एकट्या शब्दाच्या शेवटी द्धी दीर्घ. काही कोडी ऱ्हस्व-दीर्घ मुळीच मानत नाहीत. तसं ठरवलं असेल तर माझी ना नाही, पण चौकटीखाली तशी एक ओळ छापावी. आज कडक, उद्या सैल, असं चालत नाही. सोडवणाऱ्याला छेदातली वेलांटी पुरावा म्हणून धरायची की नाही, हे कळायला हवं. अनल-अनिलमध्ये वेलांटी निर्णायक आणि फुगडीत उकार दुर्लक्षित, हे एकाच चौकटीत कसं चालेल?

शब्दांच्या निवडीबद्दल थोडं. दोन अक्षरी भरतीचे शब्द रोजचेच आहेत: खग, नग, रव, कपी, तरू. दोन-तीन आठवडे सोडवलं की हे पाठ होतात. मला त्यांचा राग नाही. संस्कृत समानार्थी शब्द पाठ करण्याची आपली परंपरा जुनी आहे आणि ज्यांनी शाळेनंतर ते वाचले नाहीत, त्यांना ते कोड्यातून पुन्हा भेटतात. माझ्या भाचीला ‘नग’ म्हणजे दुकानातली मोजदाद एवढंच माहीत होतं. पर्वत हा अर्थ तिला कोड्यातून कळला आणि आता ती तो वापरते. फक्त एका चौकटीत असे शब्द अर्ध्याहून जास्त झाले की डोक्याला चालना राहत नाही, हात आपोआप लिहीत सुटतो.

मला खरं लागतं ते वेगळंच. अंक गोव्यात वाचला जातो, पेडण्यापासून काणकोणापर्यंत, आणि कोड्यात मुंबईची उपनगरं, पुण्याच्या पेठा, विदर्भातली गावं. तीही असावीत, मराठी सगळ्यांची आहे. पण कुळागर, म्हणजे आमची पोफळी-नारळाची बाग, का नाही? पुरुमेंत, म्हणजे पावसाळ्यासाठी भरून ठेवायची बेगमी, का नाही? ‘सूरश्री पदवीच्या गायिका’, घरं पाच, असं विचारलं की उत्तर केसरबाई. केरी गावी जन्मलेल्या केसरबाई केरकरांचा भैरवीतला आवाज 1977 मध्ये निघालेल्या व्हॉयेजर यानांवर अंतराळात गेला आहे. मोगूबाई कुर्डीकर, दीनानाथ मंगेशकर, जितेंद्र अभिषेकी, कवी बा. भ. बोरकर, ही माणसं याच मातीतली आणि मराठी वाचणाऱ्या प्रत्येकाच्या ओळखीची. त्यांना कोड्यात जागा द्यायला बाहेरच्या वाचकाचं काहीही बिघडत नाही.

हे शक्य आहे, याचा पुरावा त्याच दैनिकानं चवथीच्या रविवारी दिला. पुरवणीतलं ते कोडं मी कापून ठेवलं आहे. आडवा शब्द: ‘चवथीला गणपतीच्या डोक्यावर रानफळं बांधून टांगतात ती’. माटोळी. पहिल्या घरातून खाली: ‘खाजनाच्या बांधातलं पाण्याचं दार’ (खाजन म्हणजे खाडीकाठची बांध घातलेली शेतजमीन). मानस. तिसऱ्या घरात वरून उतरलेला शब्द: ‘कुळागराची सुपारी हिच्यावर’. पोफळी. तीन शब्द, दोन छेद आणि दोन्हीकडे संशयाला जागा नाही. मानस म्हटल्यावर कुठल्याही दुसऱ्या कोड्यात ‘मन’ असा अर्थ आला असता. इथे भरती आली की मिटणारी आणि ओहोटीला उघडणारी दारं डोळ्यांपुढे उभी राहिली. माटोळीला सुपारीचा घड लागतोच, तेव्हा पोफळी तिच्या शेजारी यावी यात रचणाऱ्याचा विचार दिसतो. मा आणि ळी ही दोन घरं भरताना मला जो आनंद झाला, तो रोजच्या कोड्यात महिनाभर होत नाही. हे ज्यांनी रचलं त्यांना माझा नमस्कार. त्यांनी रोजचं काम घ्यावं अशी मनापासून विनंती.

त्याच कोड्यात एक गूढ शोधसूत्रही होतं: ‘म्हापशाहून पहिलं सोडून निघालो तर ओंजळभर मिळालं’, घरं दोन. म्हापसामधून म्हा काढा, पसा उरतो. मराठीत अशी सूत्रं कृत्रिम वाटतात असं म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही. वाल्याकोळ्यानं मरा मरा म्हटलं आणि त्याचा राम झाला, ही गोष्ट घरोघरी माहीत असलेल्या लोकांना अक्षरं उलटवण्याचा खेळ परका कसा असेल? रवा उलटला की वार होतो. आठवड्यात एखादं तरी असं सूत्र रोजच्या कोड्यात यावं.

बाकी किरकोळ. घरं लहान आहेत, ‘स्त्री’ किंवा ‘क्ष्मी’ लिहिताना रेघेबाहेर जातं. पावसाळ्यात कागद दमट असतो, बॉलपेन शाई सोडतं आणि फाडतंही. मऊ शिशाची पेन्सिल घ्या. आदल्या दिवशीचं उत्तर नव्या कोड्याच्या अगदी खाली छापतात, ते बरं. सणाच्या सुट्टीनंतर अंक नसतो तेव्हा उत्तर लांबतं, हे लक्षात ठेवून ते कोडं जपून ठेवावं लागतं. मोबाइलवरचं एक मराठी कोडंही वापरून पाहिलं आणि काढून टाकलं. ‘क्षि’ हे आपल्याला एक अक्षर, पण युनिकोडमध्ये ते चार चिन्हांनी बनतं. तिथे घरात ‘क’ टाकला की पुढचं घर उघडायचं. मराठीसाठी बनवलेल्या वस्तूत अक्षर म्हणजे काय हेच ठरवलेलं नसेल, तर पुढचं काही बोलण्यात अर्थ नाही.

ज्यांच्याकडे अंक येत नाही त्यांच्यासाठी: पणजीला पाटो इथल्या कृष्णदास शामा मध्यवर्ती ग्रंथालयात दैनिकं वाचायला मिळतात, कदंब बसस्थानकापासून पायी जाता येतं. अंकावर लिहायचं नसतं. चौकटीची वही घेऊन जा, काळी घरं आधी रंगवा आणि आकडे मग टाका. रविवारचं कोडं पुरवणीत असतं आणि आमच्या भागात पुरवणी अधूनमधून गहाळ होते. अंक टाकणाऱ्याला शनिवारीच सांगून ठेवा.