बेटांचा हजेरीपट : नाशिकमधील चार रविवारांच्या एका अभ्यासवर्गाविषयी

नाशिकमध्ये रविवारची सकाळ मिसळीसाठी राखीव असते. त्यामुळे त्याच वेळी लागोपाठ चार रविवार विज्ञानाचा वर्ग ठेवणाऱ्यांच्या धाडसाचे मला आधी कौतुक वाटले आणि मग थोडी शंकाही आली. ज्वालामुखीमुळे समुद्रातून वर आलेल्या, मुख्य भूमीपासून फार दूर असलेल्या बेटांवर जगात इतरत्र कोठेही न आढळणारे प्राणी आणि वनस्पती का घडतात, हा या वर्गाचा विषय होता. गंगापूर रोडवरील एका छोट्या सभागृहात, माणशी ८०० रुपये शुल्क घेऊन, दर रविवारी दोन तास असा तो झाला. मी शाळेतून विज्ञानशिक्षिका म्हणून निवृत्त झाले असून माझ्यासोबत नववीत शिकणारा नातू होता. वर्ग आम्हा दोघांनाही आवडला. शेवटच्या सत्राबद्दल मात्र माझी गंभीर तक्रार आहे आणि तीही मी येथे नोंदवणार आहे.

पहिल्याच सत्रात वर्ग घेणाऱ्या सरांनी फळ्यावर शाळेसारखा हजेरीपट आखला. डावीकडे पॅसिफिक महासागरातील गालापागोस व हवाई आणि हिंदी महासागरातील मॉरिशस ही नावे लिहिली आणि वरच्या ओळीत पक्षी, कीटक, सरपटणारे प्राणी, वटवाघूळ, बेडूक, उंदीर, खुरांचे प्राणी व मोठे शिकारी प्राणी असे रकाने केले. माणूस पोहोचण्यापूर्वी कोण ‘हजर’ होते आणि कोण ‘गैरहजर’, हे एकेकाने उठून भरायचे होते. अशी बेटे कधीच कोणत्याही खंडाला जोडलेली नव्हती. तेथे जे काही पोहोचले ते उडत, वाऱ्यावर, लाकडाच्या ओंडक्यावर तरंगत किंवा पक्ष्याच्या पायाला चिकटून आले. बेडकाच्या रकान्यात तिन्ही बेटांपुढे गैरहजेरी लागली, कारण खाऱ्या पाण्यात बेडकाची त्वचा टिकत नाही आणि त्याची अंडीही टिकत नाहीत. हवाईच्या ओळीत जमिनीवरचा मूळचा सस्तन प्राणी म्हणून केवळ वटवाघूळ उरले. गालापागोसपुढे उंदराची हजेरी लागली तेव्हा वर्गात कुजबूज झाली, परंतु ते खरे आहे. तेथे उंदरांच्या काही स्थानिक प्रजाती माणसाच्या कितीतरी आधीपासून होत्या आणि तरंगत्या झाडोऱ्यावरून एवढा प्रवास करणे लहान उंदराला क्वचित का होईना जमून जाते. कोणीतरी सेशेल्सचे नाव काढले. त्या बेटांवर मूळचे बेडूक आहेत, पण सेशेल्सची मुख्य बेटे ज्वालामुखीची नसून जुन्या खंडाचा तुटलेला ग्रॅनाइटचा तुकडा आहेत, म्हणजे तेथील बहुतेक बेडकांना समुद्र ओलांडावाच लागला नव्हता.

मला या वर्गाचे सर्वांत मोठे यश या तक्त्यातच दिसले. बेटांवरील नवलाईच्या प्राण्यांची यादी कोणीही देतो. येथे आधी गैरहजरांची यादी झाली आणि नंतरचे सर्व तिच्यातून उलगडत गेले. गवत खाणारा खुरांचा प्राणी नाही, म्हणून गालापागोसवर ते काम महाकाय कासवांनी उचलले. जमिनीवर शिकारी नाही, म्हणून तेथील पाणकावळ्याचे पंख पिढ्यान्‌पिढ्या आखूड होत गेले आणि आज तो उडू शकत नाही, मात्र उत्तम बुडी मारतो. पंख वाढवणे आणि बाळगणे हा पक्ष्याला मोठा खर्च असतो. पळून जाण्याची गरजच नसेल तर हा खर्च वाचवणारी पिले अधिक तगतात. हे तर्कशास्त्र नातवाला माझ्याआधी उमगले, हे मान्य केले पाहिजे.

येथे एक कबुलीही द्यायला हवी. मी जवळपास तीस वर्षे वर्गात असे सांगत आले की डार्विन गालापागोसला पोहोचला, त्याने फिंच पक्ष्यांच्या चोची पाहिल्या आणि त्याला उत्क्रांती सुचली. सरांनी ही गोष्ट शांतपणे मोडीत काढली. डार्विन १८३५ च्या सप्टेंबरमध्ये तेथे पोहोचला आणि सुमारे पाच आठवडे राहिला, पण कोणता फिंच कोणत्या बेटावर पकडला याची नोंद त्याने नीट ठेवलीच नव्हती. तो त्यातील काहींना निराळ्याच कुळातले पक्षी समजत होता. ते सगळे एकमेकांचे जवळचे नातलग आहेत, हे १८३७ मध्ये लंडनमधील पक्षिशास्त्रज्ञ जॉन गूल्ड यांनी ओळखले. डार्विनला प्रवासातच खटकले होते ते मॉकिंगबर्ड नावाचे पक्षी, कारण ते बेटागणिक वेगळे दिसत होते. कासवाच्या पाठीवरून ते कोणत्या बेटाचे आहे हे सांगता येते, असेही तेथील प्रशासकाने त्याला सांगितले होते. माझ्या जुन्या विद्यार्थ्यांपैकी कोणी हे वाचत असतील तर त्यांनी एवढी दुरुस्ती करून घ्यावी.

दुसऱ्या सत्रातील चोचींचा खेळ हा संपूर्ण वर्गाचा कळस होता. प्रत्येकाला एक ‘चोच’ दिली गेली: काहींना भुवया कोरण्याचा बारीक चिमटा, काहींना लांब नाकाची पक्कड आणि काहींना सुताराकडे असते तशी जाड पक्कड. टेबलावरील परातीत भगर, हरभरे आणि सराटे एकत्र पसरलेले होते. दोन मिनिटांत आपल्या वाटीत ठरावीक दाणे जमवायचे. जो कमी पडेल तो ‘मेला’. सराट्याचे फळ मात्र फोडून आतील बी काढल्याशिवाय मोजले जात नसे. पहिल्या फेरीत भगर मुबलक असल्याने माझ्यासारखे चिमटेवाले सहज पुढे गेले. दुसऱ्या फेरीपूर्वी सरांनी ‘पाऊस पडला नाही’ एवढेच म्हणून सगळी भगर काढून घेतली. मी सराट्याच्या काट्यांशी दोन मिनिटे झटत राहिले, चिमट्याची टोके वाकली, बोटाला काटा टोचला आणि वाटीत एकही बी पडले नाही. शेजारी नातू जाड पकडीने कटकट आवाज करत सराटे फोडत होता आणि त्याला आजीची जराही दया येत नव्हती.

हा खेळ कपोलकल्पित नाही. पीटर आणि रोझमेरी ग्रँट या शास्त्रज्ञ दांपत्याने १९७३ पासून गालापागोसमधील डॅफ्नी मेजर या इवल्याशा बेटावर फिंच पक्ष्यांना कडी घालून, एकेका पक्ष्याची चोच मोजून अनेक दशके नोंदी ठेवल्या. १९७७ मध्ये तेथे पाऊस जवळजवळ पडलाच नाही. मऊ व बारीक बिया संपल्या आणि आपल्या सराट्याच्याच कुळातील एका काटेरी वनस्पतीची टणक फळे उरली. मध्यम आकाराच्या भूचर फिंचांची संख्या सुमारे १,२०० वरून २०० च्याही खाली आली. जे वाचले त्यांत मोठ्या, जाड चोचीचे पक्षी अधिक होते, आणि चोचीचा आकार पिलांमध्ये उतरत असल्याने पुढच्या पिढीच्या चोचीची सरासरी जाडी सुमारे अर्ध्या मिलिमीटरने वाढली. पुढे १९८३ च्या अतिवृष्टीनंतर बारीक बिया उदंड झाल्या आणि निवडीचा कल उलट, लहान चोचीकडे झुकला. खेळाच्या तिसऱ्या फेरीत सरांनी जिवंत उरलेल्यांच्या प्रमाणातच नव्या ‘पिलांना’ चोची वाटल्या, त्यामुळे वारसा हा मुद्दाही हातानेच समजला. अशा प्रयोगांमध्ये हीच पायरी बहुधा राहून जाते आणि मुलांचा समज होतो की पक्षी प्रयत्न करून आपली चोच वाढवतात.

तिसरे सत्र हवाईचे होते. हा द्वीपसमूह जवळच्या खंडापासून साडेतीन हजार किलोमीटरहून दूर आहे. सरांनी एका पेटत्या उदबत्तीवरून कागदाची पट्टी हळूहळू ओढली आणि तिच्यावर एका ओळीत तपकिरी डाग उमटले. उदबत्ती म्हणजे पृथ्वीच्या पोटातील जागचा न हलणारा हॉटस्पॉट, जेथून तप्त शिलारस वर येतो ती जागा, आणि कागद म्हणजे दरवर्षी काही सेंटिमीटर वायव्येकडे सरकणारे पॅसिफिक भूपट्ट, म्हणजे पृथ्वीच्या कवचाचा प्रचंड तुकडा. म्हणूनच कौआई बेट सुमारे ५० लाख वर्षांचे, तर हवाई हे सर्वांत मोठे बेट १० लाख वर्षांहूनही तरुण आहे आणि तेथील ज्वालामुखी अजून जागे आहेत. नवे बेट तयार झाले की जुन्या बेटावरचे काही जीव तेथे उतरतात, थोड्याशा संस्थापकांपासून नवा वंश सुरू होतो आणि मधला समुद्र त्यांना जुन्या भाऊबंदांत मिसळू देत नाही. आशियातून आलेल्या एका फिंचसदृश पूर्वजापासून तेथे हनीक्रीपर पक्ष्यांच्या ५० हून अधिक प्रजाती झाल्या. कोणाची चोच फुलातील मधासाठी बाकदार, कोणाची बिया फोडण्यासाठी पोपटासारखी.

याच ठिकाणी पुस्तिकेबद्दल लिहिते. शुल्कात मिळणारी ४० पानांची पुस्तिका नेटकी आहे, नकाशेही स्पष्ट आहेत. परंतु एका पूर्वजापासून अनेक प्रजाती फुटण्याच्या प्रक्रियेला तिने ‘अनुकूली विकिरण’ असा शब्द वापरला आहे, आणि नातवाने तो वाचून हवाईमध्ये किरणोत्सर्ग झाला होता काय असे विचारले. ‘अनुकूली प्रसरण’ म्हटले असते तर कोणाचाही गोंधळ उडाला नसता. परिभाषा मराठीत हवीच, पण ती मराठीतही समजायला हवी.

आता चौथे सत्र. या सत्राकडून माझ्या सर्वाधिक अपेक्षा होत्या, कारण यात भारत आणि आपला दगड येणार होता. अंदमानच्या पूर्वेकडील नारकोंडम या सुमारे सात चौरस किलोमीटरच्या ज्वालामुखी बेटावर नारकोंडम धनेश हा मोठ्या चोचीचा पक्षी राहतो आणि तो अन्यत्र कोठेही नाही. जगातील दुसऱ्या कोणत्याही धनेशाचा वावर इतक्या लहान जागेपुरता नाही. त्यानंतर मॉरिशस. हिंदी महासागरातील रीयुनियन बेटाखाली आज जो हॉटस्पॉट आहे, त्याच्यावरून सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी भारताचे भूपट्ट सरकत होते आणि तेव्हाच्या लाव्ह्यातून दख्खनचे थर साचले, असे बहुतेक भूवैज्ञानिक मानतात. पांडवलेणी ज्या काळ्या पाषाणात कोरली आहेत आणि ब्रह्मगिरीचे कडे ज्याचे बनले आहेत, तो दगड आणि मॉरिशसचा दगड हे एकाच चुलीवरचे. डोडो जेथे घडला ते बेट नाशिककरांचे असे दूरचे नातलग आहे, आणि तेथे पिढ्यान्‌पिढ्या राहणारी मराठी माणसे आहेत हे तर आपल्याला ठाऊक असतेच. इतक्या जवळच्या विषयाला सरांनी मोजून दहा मिनिटे दिली, कारण सत्र पाऊण तास उशिरा सुरू झाले आणि सभागृह दुसऱ्या कार्यक्रमासाठी वेळेवर रिकामे करून द्यायचे होते.

या घाईत सर्वाधिक नुकसान नामशेष होण्याच्या विषयाचे झाले. डोडो हा मुळात कबुतराचा वंशज. त्याचा सर्वांत जवळचा जिवंत नातलग निकोबारी कबूतर आहे. डच खलाशी १५९८ मध्ये मॉरिशसला उतरले आणि डोडो पाहिल्याची सामान्यतः ग्राह्य धरली जाणारी शेवटची नोंद १६६२ ची आहे. अवघ्या ६४ वर्षांचे हे अंतर हजेरीपटाशी जोडून दाखवता आले असते: ज्यांची गैरहजेरी डोडोला घडवत होती, ते उंदीर, डुकरे आणि माकडे जहाजातून एकदम हजर झाले आणि जमिनीवरचे त्याचे घरटे उघडे पडले. हवाईत तर डासच नव्हते. ते १८२६ च्या सुमारास जहाजाच्या पाण्याच्या पिंपांतून आले आणि पुढे पक्ष्यांच्या मलेरियाने हनीक्रीपरांचे वंश उजाड केले. उरलेले आता डासांना न मानवणाऱ्या थंड, उंच जंगलांत आहेत आणि हवा तापू लागल्याने डास तेथेही चढत आहेत. यातले डासांचे प्रकरण सरांनी दोन वाक्यांत उरकले. बाकीचे मी घरी येऊन नातवाला सांगितले.

अंजनेरीच्या उल्लेखावरही माझा आक्षेप आहे. अंजनेरीच्या पठारावरील कंदीलपुष्पाची एक प्रजाती २००६ मध्ये विज्ञानाला नव्याने ज्ञात झाली आणि तिचे शास्त्रीय नावही त्या डोंगरावरूनच पडले. यावरून सरांनी ‘अंजनेरी हेही एक बेटच’ असे म्हटले. कल्पना रम्य आहे आणि काही अंशी उपयुक्तही, कारण भोवतालच्या सखल प्रदेशाहून वेगळी माती व हवा असलेल्या पठारावरची वनस्पती एकटी पडू शकते. परंतु दरी म्हणजे समुद्र नव्हे. पठारावर बी, परागकण, उंदीर आणि गुरे खालून सहज येतात. वर्गाने पहिल्या दिवशी इतका कटाक्षाने मांडलेला हजेरीपट अंजनेरीसाठीही भरून पाहिला असता तर हा फरक आपोआप दिसला असता.

आणखी एक वचन अपुरे राहिले. डार्विनने ८७ प्रकारच्या बिया मिठाच्या पाण्यात बुडवून ठेवल्या आणि २८ दिवसांनंतर त्यांतील ६४ प्रकार रुजले, हे सांगून पहिल्या रविवारी आमच्याकडूनही बरण्यांत मिठाच्या पाण्यात बिया भिजत घालून घेतल्या होत्या. चौथ्या रविवारी त्या पेरण्यासाठी मातीत घालायच्या होत्या. बरण्या खिडकीत तशाच राहिल्या, त्यांना दर्प येऊ लागला होता आणि कोणीही त्यांचे नाव काढले नाही. आयोजकांना दूरध्वनीवर विचारले असता ‘पुढच्या तुकडीला करून दाखवू’ असे उत्तर मिळाले, जे मला पटले नाही. सभागृहातील खुर्च्यांना पाठ नव्हती, मागच्या दोन रांगांना आवाज पोहोचत नव्हता आणि शुल्काची पावती तिसऱ्यांदा मागितल्यावर मिळाली.

तरीही आठवीच्या पुढील मुले, विज्ञानशिक्षक आणि जिज्ञासू प्रौढ यांनी हा वर्ग करावा, असे माझे मत आहे. त्याहून लहान मुलांना चोचींच्या खेळाखेरीज फारसे हाती लागणार नाही. पुढची तुकडी घेताना चौथ्या सत्राला पूर्ण दोन तास मिळतील काय, हे नाव नोंदवतानाच विचारून घ्यावे. पुढच्या रांगेत जागा धरावी आणि शक्य झाल्यास बसायला छोटी उशी न्यावी. चोची वाटल्या जात असताना मात्र जाड पकडीच्या बाजूला उभे राहावे.