रिलीज न झालेल्या गेमचे ४५,०९१ रुपये

पोलीस स्टेशनमधल्या हवालदारांनी माझा अर्ज दोनदा वाचला, चष्मा कपाळावर सरकवला आणि विचारलं, "बीटा म्हणजे काय हो?"

मी सांगितलं, गेम बाजारात यायच्या आधी थोड्या लोकांना खेळायला देतात. चुका सापडाव्यात म्हणून.

"म्हणजे कच्चा माल."

"हो."

"आणि तो तपासायचे पैसे तुम्हीच भरले? उलट त्यांनी तुम्हाला द्यायला पाहिजेत ना?"

बाकावर एक काकू बसल्या होत्या. वीजबिलाच्या खोट्या मेसेजमध्ये त्यांचे पैसे गेले होते. त्यासुद्धा हसल्या. दुसऱ्या कुणाचं असतं तर मीही हसलो असतो.

एकूण ४५,०९१ रुपये गेले. त्यातले ३२,५९६ माझे. बाकीचे १२,४९५ पाच जणांचे, आणि त्या पाचही जणांना यात मीच ओढलं. हे लिहायला बसलोय ते त्या दुसऱ्या आकड्यामुळे.

मी विक्रोळीला कन्नमवार नगरात राहतो, प्रिन्सेस स्ट्रीटला औषधांच्या एका होलसेलरकडे बिलिंगला आहे. गेम खेळतोय शाळेपासून. प्री-रजिस्ट्रेशन, म्हणजे गेम यायच्या आधी नाव नोंदवून ठेवणं, हा प्रकार मला काही नवा नव्हता. सप्टेंबर २०२० मध्ये पबजी मोबाइलवर बंदी आली, नोव्हेंबर संपता संपता फौ-जी नावाच्या देशी गेमचं प्री-रजिस्ट्रेशन प्ले स्टोअरवर उघडलं, ते केलं. मे २०२१ मध्ये बीजीएमआयचं, म्हणजे पबजीच्या भारतीय अवताराचं उघडलं, तेही पहिल्याच दिवशी केलं. काय लागलं? एक बटण दाबलं. फॉर्म नाही, नंबर नाही, रुपया नाही. गेम आला तेव्हा फोनवर तसं कळलं. आयफोनवाल्यांकडे ह्याच गोष्टीला प्री-ऑर्डर म्हणतात, पण फुकटचा गेम तिथेही फुकटच राहतो आणि आल्या दिवशी आपोआप फोनवर उतरतो. स्टीमवर, म्हणजे पीसी गेमच्या ऑनलाइन दुकानात, एखाद्या गेमची चाचणी चालू असली तर त्या गेमच्याच पानावर विनंतीचं बटण असतं. निवड झाली की गेम तुमच्या लायब्ररीत येऊन बसतो.

हे सगळं मला माहीत होतं. माहीत असून गेलो.

कारण अलीकडे खऱ्या कंपन्याच 'लवकर' विकायला लागल्या आहेत. २०२३ मध्ये स्टारफील्ड या गेमची महागडी आवृत्ती घेणाऱ्यांना तो पाच दिवस आधी मिळाला. हॉगवर्ट्स लेगसीचं तेच, तीन दिवस आधी. डायब्लो ४ चा बीटा आधी प्री-ऑर्डरवाल्यांना उघडला, इतरांना नंतरच्या आठवड्यात. त्यामुळे पैसे टाका आणि रांगेत पुढे या, हे ऐकून कान टवकारतात, पण धोक्याची घंटा वाजत नाही. त्यात आपण मुंबईकर. खड्डाही खणलेला नसताना चौदाव्या मजल्यावरच्या फ्लॅटचं टोकन देणारी माणसं. अर्थात फ्लॅटला निदान महारेराचा नंबर तरी विचारता येतो.

तर आमिष होतं जीटीए ६ या गेमचं. पहिला ट्रेलर डिसेंबर २०२३ मध्ये आला, दुसरा मे २०२५ मध्ये, आणि तारीख तेव्हा २६ मे २०२६ होती. जाहीर झालं होतं ते फक्त प्लेस्टेशन ५ आणि एक्सबॉक्स सिरीज या गेमच्या यंत्रांसाठी. माझ्याकडे पीसी. दिवाळीच्या आदल्या आठवड्यात, साडेआठच्या स्लो लोकलमध्ये एका हाताने लटकत असताना रील आली: फाउंडर्स बीटा, भारतासाठी, पीसीवर, मर्यादित जागा.

लिंक उघडली. पान इतकं देखणं की आमच्या बँकेचं नाही. वर उलटं धावणारं घड्याळ, खाली 'उरलेल्या जागा २१४'. बघता बघता २१३, २०९. मी फसल्यानंतर ते पान ऑफिसच्या कॉम्प्युटरवर पुन्हा उघडलं, तेव्हाही जागा २१४ पासूनच उतरायला लागल्या. पान ताजं केलं, परत २१४. नुसतं दोनदा उघडून पाहिलं असतं तरी कळलं असतं.

आधी 'व्हेरिफिकेशन'चे ९९ रुपये. कोड स्कॅन केला तर पैसे घेणाऱ्याचं नाव आलं कुठल्याशा एंटरप्रायझेसचं, वाण्याच्या दुकानाला शोभेल असं. गेमचा, कंपनीचा कशाचाच पत्ता नाही. माझा अंगठा तिथे थांबला होता, हे मला स्वच्छ आठवतं. त्यांच्या टेलिग्राम चॅनेलवरच्या ॲडमिनला विचारलं. उत्तर मिनिटाच्या आत: "सर, हे आमचे पेमेंट पार्टनर." मी दिवसभर पार्ट्यांची बिलं बनवतो. नाव आणि खातं जुळलं नाही तर दोनशे रुपयांचा चेकही परत पाठवतो. इथे पार्टनर म्हटल्यावर गप्प बसलो.

त्यापुढचं डोकं मात्र मानलं पाहिजे. ९९ भरल्यावर एक करार आला. पाच पानी, इंग्रजी, खाली बोटाने सही करायची. पीसी आवृत्ती अजून गुप्त आहे, बीटाबद्दल बाहेर कुठेही बोललात किंवा विचारलंत तर प्रवेश रद्द. बंद चाचणीसाठी कंपन्या असे करार खरोखर करून घेतात, म्हणून ते खरं वाटलं. आणि त्या एका कागदाने माझं तोंड शिवलं. माझ्या ओळखीत असे चार जण आहेत की ज्यांना नुसतं विचारलं असतं तर त्यांनी दोन मिनिटांत माझी शेंडी धरून मला जमिनीवर आणलं असतं. लॅमिंग्टन रोडला ज्यांच्याकडून मी ग्राफिक्स कार्ड घेतलं ते शेठ तर फोनवरच शिव्या घालतात. त्यांनाही विचारलं नाही. करार ना!

पास होता २,९९९ रुपयांचा. सहा जणांचं 'स्क्वॉड' केलं तर प्रत्येकी २,४९९. स्क्वॉडमधल्यांशी बोलायला मात्र कराराची आडकाठी नव्हती, हे बघा.

मी दोन दिवसांत पाच जण जमवले. बिल्डिंगमधले दोघे, शाळेतला एक मित्र, ऑफिसमधला एक, आणि माझी चुलत बहीण तन्वी. तन्वी सेकंड इयरला आहे, माझ्यापेक्षा बरी खेळते. भाऊबीजेला भांडुपला काकांकडे गेलो. तिने ओवाळलं, मी ताटात पाचशेची नोट ठेवली. जेवण होईपर्यंत तिने बाकीच्या भावांच्या नोटा मोजल्या, काकूकडे रोख देऊन तिच्या फोनवरून मला २,४९९ पाठवायला लावले. काकू म्हणाली, "दादा सांगतोय ना, मग ठीक आहे." मी दिलेली ओवाळणी त्याच दुपारी माझ्याच खात्यात परत आली आणि संध्याकाळी विक्रोळीला उतरायच्या आत त्या एंटरप्रायझेसकडे गेली. १४,९९४ रुपये, एका रकमेत, माझ्या नावाने.

रात्री ईमेलवर सहा 'की', म्हणजे गेम उघडायचे कोड, आल्या. पाच-पाच अक्षरांचे तीन गट, हुबेहूब स्टीमसारख्या. एक टाकून पाहिली, चालली नाही. ॲडमिन म्हणाला, बीटा सुरू झाला की चालेल. पटलं.

नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात खऱ्या कंपनीने गेम आणखी पुढे ढकलला, १९ नोव्हेंबर २०२६ वर. बातमी खरी, सगळीकडे आलेली. मला वाटलं आता हे बीटावाले गायब होणार. ते उलट जास्त प्रेमाने बोलायला लागले. चॅनेलवर दिलगिरी, ज्यांना पैसे परत हवेत त्यांना पूर्ण परत, फॉर्म भरा. खरं सांगतो, त्या दिवशी माझा त्यांच्यावरचा विश्वास दुप्पट झाला. चोर कधी स्वतःहून पैसे परत देतो का?

फॉर्ममध्ये डेबिट कार्डाचा नंबर, मुदत, मागचे तीन आकडे. पैसे कार्डावर परत येणार म्हणे. शिवाय रिफंड तपासायला एक ॲप, प्ले स्टोअरवरचं नाही, टेलिग्रामवर पाठवलेली एपीके फाइल. फोनने अडवलं. हे ॲप घातक असू शकतं असं चक्क लिहून आलं. मी 'तरीही इन्स्टॉल करा' दाबलं. ॲपने एसएमएस वाचायची परवानगी मागितली, तीही दिली. रिफंडच्या ॲपला माझे एसएमएस कशाला हवेत, हे आज शाळेतलं पोरगंही विचारेल. ओटीपी एसएमएसनेच येतो. तो माझ्या आधी त्यांनी वाचावा, यासाठीच ते ॲप होतं.

रात्री पावणेबाराला १९,९९९ गेले. तीन मिनिटांनी ९,९९९. मी जागा होतो, पण ओटीपीचा मेसेज मला दिसलाच नाही. दिसला तो पैसे कापल्याचा बँकेचा ईमेल.

इथून पुढे जे जमलं ते सांगतो, कारण तेवढंच नीट झालं. आधी फोनचं इंटरनेट बंद केलं, आईच्या फोनवरून बँकेला लावून कार्ड ब्लॉक केलं आणि मग १९३० ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनला फोन केला. लागायला वेळ लागला, सोडला नाही. त्यांनी विचारलं ते मोजकं: कुठली बँक, किती वाजता, किती रक्कम, व्यवहाराचा नंबर. यूपीआयचा बारा आकडी नंबर ॲपच्या हिस्टरीत मिळतो, तो आधी शोधून हाताशी ठेवा, त्या वेळी बोटं थरथरतात. तक्रारीचा नंबर मिळाला, तो घेऊन सायबरक्राइम डॉट जीओव्ही डॉट इनवर कागद चढवले. चॅनेल, पान, चॅट, सगळ्याचे स्क्रीनशॉट मी तासाभरात काढले. सकाळी चॅनेलमधून मला काढून टाकलेलं होतं.

९,९९९ एका वॉलेटमध्ये अडकवले गेले, ते कोर्टाच्या आदेशाने सुटतील असं तेव्हा सांगितलं. १९,९९९ ची गिफ्ट कार्डं झाली होती. दिवाळीत दिलेल्या पैशांना तीन आठवडे उलटून गेले होते, त्यांचा मागही नाही. बँकेने रिझर्व्ह बँकेचा २०१७ चा नियम दाखवला: ग्राहकाच्या स्वतःच्या हलगर्जीपणामुळे गेलेले पैसे, बँकेला कळवेपर्यंतचे, ग्राहकाचे. कळवल्यानंतर गेले तर बँकेचे. भांडायला माझ्याकडे तोंड नव्हतं. कार्डाचे आकडे मीच लिहून दिले होते.

आठवड्याने एकाचा मेसेज आला, तुमचे अडकलेले पैसे सोडवून देतो, दहा टक्के आधी द्या. त्याला रक्कम अचूक माहीत होती. मी लगेच ब्लॉक केलं, पण अर्धा मिनिट विचार केला होता, हेही कबूल करतो.

आईला सगळं कळल्यावर ती एवढंच म्हणाली, "उतावळा नवरा आणि गुडघ्याला बाशिंग." मग विचारलं, "तन्वीचे दिलेस का?"

तन्वीचे आधी दिले. बिल्डिंगमधल्या दोघांचे डिसेंबरच्या पगारातून, शाळेतल्या मित्राचे जानेवारीत. तो म्हणाला राहू दे, मी ऐकलं नाही. तन्वी आता मला कुठल्याही गेमचं प्री-रजिस्ट्रेशन दिसलं की त्याचा स्क्रीनशॉट पाठवते आणि खाली लिहिते, "पैसे मागत नाहीत, करू ना दादा?" मला ते टोचतं, पण तिला सांगितलेलं नाही.

राहिला ऑफिसमधला. त्याला तीनदा पैसे द्यायला गेलो, तीनदा त्याने हात मागे घेतला. चौथ्यांदा चहाला बाहेर नेलं आणि खिशातच कोंबायला लागलो, तेव्हा म्हणाला, "अरे, मी पण एक स्क्वॉड केलं होतं. माझ्या मेव्हण्याचं आणि त्याच्या मित्रांचं. त्यांना मी अजून सांगितलंच नाहीये. त्यांना वाटतंय बीटा नोव्हेंबरात आहे."