बल्गेरियातल्या कझानलकच्या गुलाबतेलाच्या नावाखाली आमचे १,५८४ युरो गेले, तुमचे जाऊ देऊ नका

आधी आकडे लिहितो, म्हणजे ‘थोडंफार गेलं असेल’ असं कुणाला वाटायला नको. ३८० लेव (बल्गेरियाचं तेव्हाचं चलन) रोख, म्हणजे १९४.२९ युरो. मग १,१५० युरो मुलीच्या जर्मनीतल्या खात्यातून. त्यावर आणखी २४० युरो ‘निर्यातीच्या कागदपत्रांसाठी’. एकूण १,५८४.२९ युरो. रुपयांत दीड लाखाच्या वर. बदल्यात हाती आली ॲल्युमिनियमची एक २० ग्रॅमची डबी, आणि त्या डबीत गुलाबाचं तेल नाही.

आमचं तालुक्याच्या गावात वडिलांपासूनचं पूजासाहित्याचं आणि अत्तराचं दुकान आहे. त्यामुळे जो भेटतो तो हेच विचारतो, ‘तुम्ही अत्तरवाले, तुम्हाला कसं कळलं नाही?’ त्याचं उत्तर एकदाच देतो. आमच्याकडे येतं ते उत्तर प्रदेशातल्या कनौजचं अत्तर. तिथे देगेत, म्हणजे तांब्याच्या मोठ्या भांड्यात, फुलं उकळतात आणि वाफ भपका नावाच्या दुसऱ्या भांड्यातल्या चंदनाच्या तेलावर उतरवतात. बल्गेरियात निघतं ते निखळ गुलाबतेल, त्याला चंदनाचा आधार नसतो. एक किलो तेलाला साधारण साडेतीन हजार किलो फुलं लागतात. इतकं महाग तेल तालुक्याच्या दुकानात कोण आणणार आणि कोण घेणार? मी ते जन्मात हाताळलेलं नव्हतं. आणि वासावरून अस्सल-नक्कल ओळखता येतं असं छातीठोकपणे सांगणाऱ्यांनी एकदा तिथे सकाळी उभं राहून दाखवावं. अख्खी हवाच गुलाबाची असते, नाकाला दुसरं काही कळत नाही.

त्या जागेबद्दल माझी काही तक्रार नाही, हेही स्पष्ट लिहितो. बाल्कन पर्वत आणि स्रेडना गोरा यांच्या मधली ती दरी आहे. मे महिन्याच्या मध्यापासून जूनच्या मध्यापर्यंत तोडणी चालते. उन्हाने तेल उडून जातं म्हणून पहाटेपासून नऊ-दहापर्यंत फुलं तोडून पोत्यांत भरतात. गावाचा उत्सव १९०३ पासून चालत आलेला, मुख्य कार्यक्रम जूनच्या पहिल्या शनिवार-रविवारच्या सुमाराला. गुलाबराणी निवडतात, शेतात पारंपरिक पोशाखात तोडणीचा सोहळा होतो, लोक हातात हात गुंफून होरो नाचतात, कमरेला मोठाल्या घंटा बांधलेले मुखवटेवाले ‘कुकेरी’ मिरवणुकीत असतात. मुलगी-जावई श्टुटगार्टला असतात. त्यांच्याकडे गेलो होतो, तिथून आम्ही चौघं जून २०२५ मध्ये सोफियाला विमानाने आणि पुढे गाडीने गेलो. बायकोची फार दिवसांची इच्छा होती. तिच्या त्या इच्छेवर हे असलं सावट पडलं, याचा संताप पैशांपेक्षा जास्त आहे.

आम्हाला फसवणारा माणूस मुख्य चौकात नव्हता, गावाबाहेर गाड्या लावतात तिथे, रस्त्याकडेला होता. स्वच्छ टेबल, तांब्याचं छोटं ऊर्ध्वपातनाचं भांडं, रंगवलेल्या लाकडी कुप्या. त्या कुप्यांना तिकडे मुस्काल म्हणतात, आत बोटाच्या पेराएवढी काचेची नळी असते. इंग्रजी चांगलं बोलत होता. आम्ही भारतातले म्हटल्यावर त्याने कनौजचं नाव घेतलं. बल्गेरियातल्या रस्त्याकडेला कुणी कनौज म्हटलं तर अत्तराच्या धंद्यातला कुठलाही माणूस थांबेल. मीही थांबलो. एवढं लक्षात ठेवा: तुमच्या धंद्यातली, तुमच्या गावाकडची नावं समोरच्याला पाठ असली, तर खूश होण्याआधी त्याला ती का पाठ आहेत हा विचार करा.

मग त्याने परीक्षा करून दाखवली. निळ्या शीतपेटीतून काचेची कुपी काढली. आतलं तेल थिजलेलं होतं, पातळ चकचकीत पापुद्रे दिसत होते. कुपी त्याने माझ्या मुठीत दिली. मिनिटभरात पापुद्रे विरघळले आणि तेल हललं. आपल्याकडे थंडीत खोबरेल थिजतं, तसंच. ही खूण खरी आहे. अस्सल गुलाबतेलात मेणासारखे घटक असतात, त्यामुळे वीस अंशांच्या आगेमागे ते थिजायला लागतं. म्हणजे त्याने मला खोटं काही सांगितलंच नाही. परीक्षा खरी, कुपीतलं तेल खरं. फक्त विकायला जे होतं ते काचेत नव्हतं, बंद डबीत होतं. ‘उजेडाने तेल खराब होतं, सील घरी जाऊनच तोडा,’ असं त्याने बजावलं. तेही खरंच आहे, चांगलं तेल धातूच्या डब्यात येतं. प्रत्येक वाक्य खरं असेल तर माणूस शंका घेणार तरी कुठे?

दाखवतात ते आणि देतात ते एकाच भांड्यातून ओतलेलं नसेल तर घेऊ नका. माझ्यासमोर ओत, नाहीतर राहू दे, असं तोंडावर सांगा. लाज वाटू देऊ नका.

आता तो प्रसंग, जो आठवला की अजूनही झोप उडते. डबी घेतली त्याच्या दुसऱ्या दिवशी पहाटे आम्ही तोडणी बघायला गेलो. कडाक्याचा गारठा, सगळ्यांच्या तोंडातून वाफ निघत होती. गाडीच्या डिकीतल्या पिशवीतून बायको शाल काढत होती. डबी त्याच पिशवीत, रात्रभर गाडीत राहिलेली. ती तिने हातात घेतली, कानाशी हलवली आणि म्हणाली, ‘अहो, हे वाजतंय.’ मीही हलवून पाहिली. आत तेल खळखळ वाजत होतं. आदल्या दिवशी मुठीच्या उबेने पातळ झालेलं तेल त्या गारठ्यात दगडासारखं बसलेलं असायला हवं होतं. ते वाजतंय याचा अर्थ एकच होता, आणि तो अर्थ तिथे, त्या क्षणी, आमच्या हातात होता. पण समोर नाच सुरू झाला होता, मुलगी हाका मारत होती, जावई फोटोसाठी उभे करत होते. मी म्हटलं, पिशवीत कपड्यांच्या घड्यांत होती, ऊब राहिली असेल. रात्रभर गारठा झेललेल्या गाडीत कसली ऊब! पण भरल्या घरच्या माणसांत, सहलीच्या गडबडीत, कोण उभं राहून तेलाच्या तापमानाचा हिशेब करतं?

त्याच दुपारी आम्ही दुकानासाठी २५० ग्रॅमची मागणी नोंदवली. ठरलेली किंमत २,३०० युरो, निम्मे आधी, उरलेले माल मिळाल्यावर. भाव फार स्वस्त नव्हता, हे मुद्दाम सांगतो. स्वस्त असता तर मी तिथून उठलो असतो. गुलाबतेलाचा भाव किलोला हजारो युरोंत जातो आणि त्याने लावलेला दर त्याला धरूनच होता. फसवणारे आता स्वस्ताचं आमिष दाखवत नाहीत, योग्य भाव सांगतात.

भारतातून पैसे पाठवायचे तर आयातीचे सोपस्कार, म्हणून मुलीने तिच्या खात्यातून १,१५० युरो पाठवले. त्याने दिलेला खाते क्रमांक ‘एलटी’ अक्षरांनी सुरू होत होता. बल्गेरियातल्या बँकेचा क्रमांक ‘बीजी’ने सुरू होतो. एलटी म्हणजे लिथुआनिया. जावयांनी विचारलंही. ‘ऑनलाइन बँक आहे, शुल्क कमी लागतं,’ हे उत्तर मिळालं आणि तिकडे तरुण पोरं अशी खाती सर्रास वापरतात म्हणून तेही गप्प बसले. तुम्ही गप्प बसू नका. दुकान एका देशात आणि खातं दुसऱ्या देशात, तर एक पैसाही पाठवू नका. ऑक्टोबर २०२५ पासून युरो वापरणाऱ्या देशांतल्या बँकांनी खातेदाराचं नाव जुळतं का हे पैसे पाठवण्याआधी दाखवणं बंधनकारक झालं आहे. नाव जुळत नाही असा इशारा आला तर तिथेच थांबा. आमच्या वेळी हा इशारा नव्हता.

आम्ही परतल्यावर आठवड्याभरात निरोप आला, वनस्पतिजन्य मालाच्या निर्यातीचे कागद करायचे आहेत, २४० युरो. तेही गेले. मग ‘माल सीमाशुल्कात अडकलाय, आणखी ४१०’. इथे मुलीने हात आखडला आणि त्या दिवसापासून फोन बंद. पुढचं तुम्हाला माहीत आहे, सगळ्यांच्या बाबतीत तेच होतं.

घरी डबी उघडली. वास गुलाबासारखाच, पण थोडा गवताळ, तिखट. बर्फात ठेवली, थिजली नाही. कनौजच्या आमच्या पुरवठादाराकडून तपासून घेतलं. मुख्य भाग जिरॅनिऑल (गुलाबासारखा वास देणारा घटक), त्याच्या मते रोशा गवताचं तेल, ज्याला बाजारात पामारोझा म्हणतात. हे वाचून मी दुकानाच्या ओट्यावर बसून राहिलो. रोशा गवत आपलंच! खानदेश, निमाड, वऱ्हाडच्या रानांतून त्याचं तेल एकोणिसाव्या शतकात मुंबई बंदरातून कॉन्स्टँटिनोपलला जात असे, आणि तिथून बल्गेरियाच्या गुलाबतेलात भेसळीला वापरलं जाई. दीडशे वर्षांची ही जुनी भेसळ, आणि ती माझ्याच माथी मारली गेली.

डबीसोबत एक प्रमाणपत्रही होतं. त्यावर आयएसओ ९८४२ लिहिलेलं. तो क्रमांक गुलाबतेलाच्या मानकाचाच आहे, पण नुसता क्रमांक कुणीही छापेल. बॅच क्रमांक कुठेच नव्हता. डबीवरचा बॅच क्रमांक आणि तपासणी अहवालावरचा क्रमांक एकच हवा. ‘बल्गेरियन गुलाबतेल’ या नावाला २०१४ पासून युरोपीय संघाचं भौगोलिक संरक्षण आहे, आणि २०२० मध्ये तिथे तेलगुलाबाचा स्वतंत्र कायदा होऊन उत्पादकांची नोंदवही सुरू झाली. विकणाऱ्याला नोंदणी विचारा. मला हे सगळं नंतर कळलं. परदेशी पाहुण्याला हे आधी कोण सांगतं? विमानतळावर गुलाबाची चित्रं लावलेली असतात, त्यांच्या शेजारी दोन ओळींचा इशारा लावायला काय हरकत आहे?

आणि आता यंत्रणा. इथे माझा तोल जातो.

तिकडच्या पोलिसांना ईमेल केलं. पंधरा दिवसांनी बल्गेरियनमधून उत्तर: स्वतः येऊन तक्रार द्या, किंवा प्रमाणित भाषांतरासह पाठवा. भाषांतराचा खर्च आम्हीच करायचा. मुलीने जर्मनीत ऑनलाइन तक्रार केली. काही महिन्यांनी पत्र आलं, आरोपी निष्पन्न होत नाही, तपास बंद. खाते क्रमांक दिलेला, फोन नंबर दिलेला, माणसाचा फोटो दिलेला, आणि आरोपी निष्पन्न होत नाही! तिच्या बँकेचं म्हणणं, पैसे तुम्ही स्वतः मंजूर केलेत. परत मागवण्याची विनंती पाठवली, तर समोरच्या बँकेचं उत्तर आलं की खातेदाराची संमती नाही. चोराने संमती दिली तरच चोरीचे पैसे परत मिळणार. हा कुठला न्याय? खातेदार कोण हे विचारलं तर गोपनीयता.

युरोपातल्या ग्राहक मदत केंद्राला लिहिलं. त्यांनी कळवलं, माल दुकानात विकण्यासाठी होता, म्हणजे तुम्ही ग्राहक नाही, व्यापारी आहात. मग २० ग्रॅमची डबी? ती रोखीने घेतलेली, पावती हाताने लिहिलेली, त्यावर नोंदणी क्रमांक नाही. रोख देऊ नका, दिलीच तर यंत्रातून निघालेली छापील पावती हातात पडल्याशिवाय देऊ नका.

आमच्या गावच्या ठाण्यात गेलो तर साहेब म्हणाले, पैसे जर्मनीतून गेले, माणूस बल्गेरियात, खातं लिथुआनियात, आम्ही काय करणार? नवीन कायद्याच्या, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या, कलम १७३ प्रमाणे हद्दीबाहेरचा गुन्हाही नोंदवून पुढे पाठवता येतो, असं मी म्हटलं. त्यावर मला बसायला खुर्ची मिळाली, पण नोंद मिळाली नाही. शेवटी, ‘सील तुम्हीच तोडलंय, आत काय होतं कशावरून?’ असा प्रश्न विचारला. चार देशांतली टोलवाटोलवी, आणि अखेर संशय माझ्यावर!

जावयांनी एका शब्दाने बोलून दाखवलं नाही. पण मुलीचे १,३९० युरो मी अजून हप्त्यांनी फेडतोय. ती नको म्हणते तरी फेडतोय.

कुणी जाणार असाल तर आणखी एक. १ जानेवारी २०२६ पासून तिथे युरो आला आहे. लेवमध्ये भाव सांगून लेवच्या नोटा परत देणारा भेटला, तर तिथून निघा.

आणि ज्यांनी अशी बंद डबी आधीच घेतली आहे, त्यांनी ती उघडू नये. रात्रभर शीतकपाटात ठेवून कानाशी हलवून बघा. वाजली तर सीलसकट, पंचांसमोर प्रयोगशाळेत द्या आणि पोचपावती घ्या. पैसे भारतातल्या खात्यातून ऑनलाइन गेले असतील तर त्याच तासाला १९३० या सायबर फसवणुकीच्या मदत क्रमांकावर फोन करा. उद्यावर ढकलू नका.